चौथ्या नटावरची पिवळी रेघ

मी, विल्फ्रेड जॉर्ज क्युबिट, वय सत्त्याहत्तर, राहणार कॉटेज नंबर तीन, बेस्टन हीथ, नॉरफोक, अकरा वर्षं शर्यतीच्या गाड्यांचा आणि त्यानंतर बीट काढायच्या यंत्रांचा मेकॅनिक, हा कागद माझ्या हाताने, माझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर लिहीत आहे. माझ्यावर कोणाचा दाब नाही आणि माझं डोकं ठिकाणावर आहे. मंगळवारी डॉक्टरीणबाईंनी मला वार विचारला, राणीचं नाव विचारलं आणि शंभरातून सात-सात वजा करत मागे यायला सांगितलं. मी एकोणऐंशीपर्यंत आलो तेव्हा त्यांनी थांबवलं. बरोबर आलं म्हणून थांबवलं की चुकलं म्हणून, हे विचारायचं राहिलं. ते मनात घोळत आहे.

याआधी मी तीन मृत्युपत्रं लिहिली आणि तिन्ही शेगडीत घातली. त्यांतलं एखादं अर्धवट जळून कुठे उरलं असेल तर ते रद्द समजावं. माझी शाळा तेराव्या वर्षी सुटली. शब्द चुकले असतील ते वकील मिस्टर अटिंग यांनी सुधारावेत, अर्थ मात्र तसाच ठेवावा.

१. हे घर, मागची शेड, आतलं सामान आणि पोस्टात जे काही असेल ते माझ्या बहिणीची मुलगी जीनेट हिला द्यावं. जीनेट, गॅसच्या तोटीवर, नळांच्या नटांवर आणि मागच्या दाराच्या बिजागऱ्यांच्या स्क्रूंवर तुला पिवळ्या रंगाची बारीक रेघ दिसेल. ती घाण नाही. गेल्या ईस्टरला तू ब्रश घेऊन घासायला बसली होतीस म्हणून लिहितो. नट आवळून झाला की नटावरून बोल्टवर आडवी रेघ ओढायची, अशी आमच्या धंद्यातली रीत आहे. नट केसभर जरी फिरला तरी रेघ मधोमध तुटते आणि लांबूनही दिसते. तिला आम्ही साक्षीची खूण म्हणतो. आधी आवळायचं, मग रंग लावायचा. उलट कधीच करायचं नाही. रंग एकदा लागला की तो नट कोणीही पुन्हा तपासत नाही, कारण रंगच सांगतो की काम झालं आहे. हे घर तुझं झालं की या खुणा तू दर महिन्याला पाहत जा. मी रोज पाहतो.

२. मला चर्चच्या मागे, भिंतीच्या बाजूला पुरावं. पेटीचे स्क्रू कोणी आवळले त्याचं नाव लिहून ठेवावं. यावर कोणी हसू नये.

३. माझी हत्यारं, पान्यांचा लाकडी खोका आणि मुख्य म्हणजे ठरलेला जोर लागला की ‘टक्’ असा वाजणारा मोठा पाना, हे सगळं डेझमंड थर्टल याला द्यावं. थर्टलच्या शेतावरचा हा धाकटा मुलगा, आमचा डेझ, वीस वर्षांचा असताना माझ्याकडे आला, मोटरसायकलचं इंजिन हातगाडीवर घालून. म्हणाला, “विल्फ, याला चार चाकं लावून दे. वर काही नको. छप्पर नको, मडगार्ड नको.” मी म्हटलं, “आणि अक्कल?” तो म्हणाला, “ती तू आण.” आम्ही ती गाडी याच शेडमध्ये बांधली. पहिल्याच शर्यतीत तो गवतात गेला आणि उठून हसत आला. तिसऱ्या शर्यतीत जिंकला.

पुढची दहा वर्षं मी त्याच्या प्रत्येक गाडीचा प्रत्येक नट आवळला. उघड्या चाकांच्या, एका माणसाच्या गाड्या. आत बसला की त्याची पाठ जमिनीपासून चार बोटं वर असायची. लहान फॉर्म्युल्यातून, म्हणजे शर्यतींच्या खालच्या वर्गातून, तो वर गेला. फ्रान्समध्ये जिंकला, तेव्हा मी व्हॅनखाली झोपलेलो होतो आणि लोकांनी पाय ओढून मला बाहेर काढलं. अडुसष्ट साली सर्वांत मोठ्या फॉर्म्युल्यात दोनदा धावला, आजारी पडलेल्या माणसाच्या जागी. एकदा सातवा आला. सत्तर सालापासून त्याला तिथली कायमची जागा मिळणार होती. तो शर्यतीला निघताना माझ्या हेल्मेट नसलेल्या डोक्यावर टपली मारून विचारायचा, “झालं का रे सगळं?” मी म्हणायचो, “झालं.” याखेरीज आम्ही काही बोलायचो नाही.

४. कॅप्टन ऑर्ड, आमच्या संघाचे मालक, यांना काहीही द्यायचं नाही. ते एकोणीस वर्षांपूर्वी वारले हे मला माहीत आहे, तरी लिहून ठेवतो. ऑगस्ट एकोणसत्तरमध्ये, शर्यतीच्या सकाळी, मी मागच्या डाव्या चाकाचे चार बोल्ट आवळत होतो. तेवढ्यात ते फाटकातून ओरडले, “क्युबिट! माझी गाडी आडवी आली आहे, ती बाजूला घे!” मी गेलो, गाडी हलवली, परत आलो. चारही नटांवर पिवळी रेघ होती. मीच ओढलेली. पण मला टक् आठवतात ते तीनच.

बेचाळीस वर्षं मी मोजतो आहे. तीन आठवतात. चौथा कधी आठवतो असं वाटतं आणि मग तो आदल्या दिवसाचा निघतो. घाईत मी चारही नटांना आधी रंग लावला असेल का? मी तसं करणारा नव्हे. पण लावला असेल का?

एकेचाळिसाव्या फेरीला, डेझ दुसरा असताना, ते चाक सुटलं. त्याचा डावा पाय तीन ठिकाणी मोडला. तो पुन्हा शर्यतीच्या गाडीत बसला नाही. पुढे त्याने ट्रॅक्टर विकले. चौकशीत धातू थकून तुटला असं ठरलं. कॅप्टननी मात्र सगळ्यांसमोर सांगितलं, “या माणसाच्या हातावर माझा भरवसा राहिला नाही,” आणि मला काढलं. मी उलटून बोललो नाही.

५. शेडमधल्या वरच्या फळीवर, रंगाच्या डब्यामागे, तंबाखूची एक चपटी डबी आहे. ती डेझमंड थर्टल याला द्यावी आणि मी पुरला गेल्यावरच उघडू द्यावी. त्या दिवशी तपासनीस यायच्या आधी मला गवतात एक बोल्ट सापडला होता. अर्धा तुटलेला, नटासकट, चिखलाने आणि तेलाने माखलेला. मी तो चिंधीत गुंडाळून खिशात घातला. तपासनिसांना दाखवला नाही. ही चोरी होती. चिखलाखाली रेघ अखंड असेल तर नट फिरला नव्हता, दोष धातूचा. रेघ तुटलेली असेल तर दोष माझा. मी ती डबी कधी उघडलेली नाही. डेझ, तुला जे दिसेल ते खरं मान. मला कळवायची सोय तेव्हा नसेल, तेच बरं.

६. शेजारच्या हिल्डा मेस, ज्या पूर्वी शाळेत स्वयंपाक करायच्या, त्यांना रुबार्बच्या आंबट देठांचा वाफा आणि हातगाडी द्यावी. डेझची बायको मॉरीन हिला निळी किटली द्यावी. ती प्रत्येक वेळी तिचं कौतुक करते.

७. इथपर्यंत बुधवारी लिहून झालं होतं. आज गुरुवार. गेली बेचाळीस वर्षं डेझ दर गुरुवारी पत्ते खेळायला येतो, ब्रेड आणि कांद्याचं लोणचं खातो, आणि मी हरलो की जातो. मी चहा करायला उठलो आणि हा कागद टेबलावर राहिला. किटली घेऊन आलो तर तो पाचवं कलम वाचत होता.

“माझ्या पायाची गोष्ट तू मेल्यावर मला सांगणार होतास?” तो म्हणाला.

मी म्हटलं, “कागद खाली ठेव. अजून सही व्हायची आहे.”

“ऊठ म्हाताऱ्या. डबी काढ.”

“तू काढ. माझा हात पोचत नाही.” माझा हात पोचतो.

त्याच वेळी हिल्डाबाई डंपलिंगचं, म्हणजे उकडलेल्या पिठाच्या गोळ्यांचं, भांडं घेऊन आल्या. साक्षीसाठी मीच त्यांना चारला बोलावलं होतं. दुसरा साक्षीदार पोस्टातला कारकून असणार होता, तो आलाच नाही. डेझने डबी टेबलावर आपटून उघडली. चिंधी बोल्टाला चिकटून दगड झाली होती. त्याने ती रॉकेलमध्ये भिजवून सोडवली, बोल्ट माझ्याच दात घासायच्या ब्रशने घासला आणि खिडकीशी नेऊन भिंगातून पाहिलं. मी टेबलाची कड धरून बसलो होतो.

“सरळ आहे,” तो म्हणाला. “अखंड. टाक सुस्कारा.”

“बघू,” हिल्डाबाई म्हणाल्या. त्यांनी पाहिलं. “मला तर इथे वाकडी दिसते. की हा गंज आहे?”

“तुम्ही शाळेत खीर ढवळत होता, मॅडम. नट कधी पाहिलाय का?”

“खीर करपली की मला लगेच दिसायचं, मिस्टर थर्टल.”

माझ्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे. मला एक पिवळट डाग दिसला. तो सरळही असेल. डेझ पत्त्यांमध्ये बेचाळीस वर्षं माझ्या तोंडावर खोटं बोलत आला आहे, तेव्हा त्याच्या ‘सरळ’वर मी किती विसंबावं? मी तसं बोलून दाखवलं.

त्याने बोल्ट टेबलावर ठेवला. मग भिंग ठेवून म्हणाला, “रेघ सोड. मला आधीच कळलं होतं.”

“काय कळलं होतं?”

“तीन फेऱ्या आधी. मागचं चाक हलत होतं. सीटमधून पाठीला लागत होतं. ट्रॅक सोडून आत यायला हवं होतं. पण मी दुसरा होतो, आणि मला मोठ्या फॉर्म्युल्यात जागा देणारा माणूस भिंतीवर बसून घड्याळ बघत होता. म्हटलं, विल्फने आवळलंय, टिकेल. तुझ्या नावावर तीन फेऱ्या काढल्या मी.”

“आणि कॅप्टनने मला काढलं तेव्हा?”

“तेव्हा मी इस्पितळात होतो.”

“त्यानंतर नव्हतास!” मी ओरडलो. मी ओरडत नाही. “बेचाळीस वर्षं माझं लोणचं खाल्लंस आणि तोंड उघडलं नाहीस?”

“तू तरी कुठे उघडलंस? डबी फळीवर ठेवून पत्ते पिसत बसलास!”

हिल्डाबाईंनी डंपलिंग वाढली. “आधी खा,” त्या म्हणाल्या, “मग काय ते भांडा. गार झाली तर चिकट होतात.”

आम्ही खाल्लं. माझा चौथा टक् अजून आठवलेला नाही आणि आता आठवणारही नाही. पण तो बेचाळीस वर्षं मी एकटाच मोजत नव्हतो, एवढं आज कळलं.

८. दुरुस्ती. कारकुनाच्या जागी आता डेझ साक्षीदार आहे, आणि मिस्टर अटिंग यांनी मघाशी फोनवर बजावलं की साक्षीदाराला, किंवा त्याच्या नवऱ्याला वा बायकोला, मृत्युपत्रातून काही मिळू शकत नाही. म्हणून कलम तीन आणि पाचमधलं देणं, तसंच कलम सहा पूर्ण, रद्द. हत्यारं आणि डबी डेझने आत्ताच, मी जिवंत असताना, गाडीत नेऊन ठेवली. मोठा पाना त्याने आधी शेडमधल्या पकडीत धरलेल्या एका नटावर लावून ओढून पाहिला. टक् मला स्वयंपाकघरात ऐकू आला. किटली त्याच्या कुशीत आहे. हिल्डाबाई हातगाडी उद्या नेतील. त्या म्हणाल्या, “अकरा वर्षं जेवू घातलं, आणि शेवटी हातात काय, तर पेन.” रुबार्ब आजच उपटून देता येत नाही, ऋतू नाही. जीनेट, तो त्यांना मार्चमध्ये आठवणीने दे. हे मृत्युपत्रातलं देणं नाही, ही माझी विनंती आहे. हा फरक चालतो का, मिस्टर अटिंग यांनी पाहावं.

वर लिहिलेलं सगळं मी दोनदा वाचलं. डेझने मोठ्याने एकदा वाचलं. आम्ही तिघं एकाच वेळी, एकाच टेबलाशी बसून, एकमेकांच्या देखत सह्या करत आहोत.

विल्फ्रेड जॉर्ज क्युबिट

साक्षीदार:
हिल्डा मेस, कॉटेज नंबर चार, शाळेच्या निवृत्त स्वयंपाकीण
डेझमंड थर्टल, थर्टल फार्म, निवृत्त रेसिंग ड्रायव्हर

बेस्टन हीथ, गुरुवार, १३ ऑक्टोबर २०११

मिस्टर अटिंग यांच्यासाठी: सह्यांवरून आडवी गेलेली पिवळी रेघ सांडलेला रंग नाही. ती डेझने ओढली, माझ्या नावापासून त्याच्या नावापर्यंत. आधी तिन्ही सह्या झाल्या, मग रंग. हा क्रम हिल्डाबाईंनी पाहिला आहे. रंग ओला आहे, तो वाळेपर्यंत कागदाला कोणी हात लावू नये. आम्ही दोघं इथेच बसून आहोत.