सुकरीचा रिपोर्ट

४ जून
रोजनिशी सुरू. संशोधकाने ठेवलीच पाहिजे. हुद्दा तूर्त प्रोजेक्ट असिस्टंट, कंत्राटी.
धानोऱ्याच्या पुढल्या एका गावात बुधरीच्या पोरीचं, सुकरीचं, रक्त घेतलं. वय सहा. आधी चालायची, बोलायची. दोन वर्षांत सगळं गेलं. पेशीतला कचरा साफ करणारं एन्झाइम कमी असावं, असा माझा अंदाज. (प्रोजेक्टच्या सरांचाही तोच.) बुधरीला सांगितलं, पंधरा दिवसांत रिपोर्ट.

५ जून
सॅम्पल खराब. वाटेत मूल गावी आमच्या घरी जेवलो, तेवढ्यात जीपमधला सॅम्पलचा डबा तापला. आईने आग्रहच केला. लॅबच्या फरहा मॅडम उगाच चिडल्या. संकल्प: याच आठवड्यात पुन्हा जाणे.

१० ऑगस्ट
पाऊस. रस्ते बंद. मधे उघडले होते म्हणे. पण रिसर्च पेपरचं शीर्षक पक्कं झालं. आता फक्त आकडे हवेत.

२२ ऑगस्ट
दुसरं सॅम्पल. या वेळी थेट फ्रीझरमध्ये ठेवलं. मॅडम म्हणाल्या, गोठलं की पेशी फुटतात. हे आधी सांगायला काय झालं होतं? (सूचनापत्रात पान चारवर आहे.)

१६ ऑक्टोबर
तिसरं. बुधरीने विचारलं, काऊन भाऊ, पुन्हा? म्हटलं, रिसर्चमध्ये तीनदा घेतातच. तिने पोरीचा हात पुढे केला. येताना डबा मांडीवर. ड्रायव्हर मन्सूरभाईंना कुठेच थांबू दिलं नाही.

१२ नोव्हेंबर
रिपोर्ट आला! एन्झाइम जवळजवळ शून्य. माझा अंदाज बरोबर! सर म्हणाले, यावर औषध नाही. उद्या जाऊन बुधरीला व्यवस्थित समजावणार. सात स्लाइड्स केल्यात.

१३ नोव्हेंबर
लॅपटॉप उघडलाच नाही. ती म्हणाली, म्हंजे दवाई नाई? नाही म्हटलं. मग पोटावर हात ठेवून म्हणाली, मंग याले बी होईन का?
सातवा महिना. फॉर्मचे बत्तीस रकाने मी भरले होते. हे विचारलंच नव्हतं.
रेंजसाठी टेकाडावर जाऊन सरांना फोन केला. म्हणाले, चारात एक शक्यता. जूनमध्येच निदान झालं असतं तर पोटातल्या बाळाची तपासणी वेळेत करता आली असती. आता जन्मानंतरच.
खाली आलो. ती दारातच उभी होती. काय म्हन्ते साहेब?
म्हटलं, फोन लागला नाही.
ती म्हणाली, राहू द्या भाऊ. उद्या लागन.