शेवटी कोरलेलं नाव

र्युसेल्सहाइम, रविवार, २१ मे २००६

आज सासूबाईंना माइन्झच्या म्युझियममध्ये नेलं. तिथे एका रोमन थडग्याचा दगड होता, नवरा विनुलेयस, बायको विनुलेया. अगदी सामान्य घराणं, फक्त अशा दगडांमुळे माहीत. मी म्हटलं, "बघा आई, हिनंही लग्नानंतर नवऱ्याचं नाव लावलं."

जर्मनमध्ये खात्री करून घ्यायला गेले, तर तिथल्या गाइडबाईंनी नकारार्थी मान हलवली. रोमन बायका माहेरचंच नाव ठेवायच्या म्हणे. दोघांचं एकच, म्हणजे बहुधा दोघं एकाच घरचे, मुक्त केलेले गुलाम. ते नाव मालकाचं. मग हिचं स्वतःचं? ते शेवटी कोरायचे. दाखवलं त्यांनी: हिलारा.

हे सगळं मी सासूबाईंना मराठीत सांगितलं. निघताना पुन्हा त्या दगडापाशी जाऊन उभ्या राहिल्या. का, ते कळेना.

परतीच्या बसमध्ये म्हणाल्या, "माझं कुसुम होतं." लग्नात ताटातल्या तांदळांवर 'सुमित्रा' लिहिलं गेलं, त्याआधी.

घरी यांना विचारलं. यांना ठाऊकच नव्हतं. आणि मी तरी कधी विचारलं होतं?

त्यांचं नाव कुठे कोरलेलं असणार? म्हणून इथे, पानाच्या शेवटी लिहिते.

कुसुम.