घर दोन अर्ध्या कोयत्यांना

मी आदिनाथ बालाजी घुगे, वय सत्तावीस, राहणार चारठाणा, तालुका जिंतूर, जिल्हा परभणी, सध्या कच्छात विजेच्या टॉवरवर कामाला, हे मृत्युपत्र शुद्धीत, दारू न पिता, कुणाच्या दाबाखाली न येता लिहितो. शाळा पाचवीपर्यंत, अक्षराला हसू नये. मागच्या आठवड्यात आमच्यासोबत काम करणारा माऊली टॉवरवरून पडून मेला. त्याचं सामान कुणाला द्यायचं, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. माझं तसं नको.

एक. चारठाण्याचं दोन खोल्यांचं घर माझ्या नावावर आहे. चुलता बन्सीधर त्याच्यावर टपून आहे. त्याला एक वीटही मिळू नये. घर निम्मं माझी सावत्र आई सरजाबाई हिला. निम्मं कुणाला, ते शेवटी लिहितो. सरजाबाईला मी माफ केलेलं नाही, हेही नोंदवावं.

माझा बाप ऊसतोडीचा मुकादम. आई वारली आणि टोळीतली ही बाई त्याने घरात आणली. बघता बघता टोळी तिची झाली. ती ट्रॅक्टरवर पुढं बसायची, बाकीचे मागं ट्रॉलीत. लोक तोंडावर राणीसाहेब म्हणायचे, माघारी काय म्हणायचे ते इथं लिहिता येत नाही. माझी शाळा तिनंच सोडवली. आमच्याकडं नवरा-बायको मिळून एक कोयता. टोळीतल्या मंजुषाचा नवरा मेला, मला कामाला न्या म्हणून ती पाया पडली, तर ही पान चघळत म्हणाली, "अर्धा कोयता माझ्या ट्रॅक्टरात चढायचा न्हाई."

मग बाप गेला. मुकादमकी बन्सीधर काकाकडं गेली. दसऱ्यानंतर टोळी काकाच्या ट्रॅक्टरात बसली. हीही कोयता घेऊन गेली. काका म्हणाला, "राणीसाहेब, अर्धा कोयता चढत न्हाई. तुमचाच कायदा हाय." सगळे हसले. मला लय बरं वाटलं, खोटं कशाला लिहू.

दोन. टाक. दुसरेपणाच्या बाईनं मेलेल्या सवतीचं तोंड कोरलेला चांदीचा टाक गळ्यात घालायचा, ही आमची रीत. आईचा फोटो नाही. तिचं तोंड मी सरजाबाईच्या गळ्यातच पाहिलं. बापाच्या दहाव्याला काकानं हिचं डोरलं उतरवलं आणि टाकालाही हात घातला. "नवराच ऱ्हायला न्हाई, आता सवत कशाला?" ही त्याच्या हाताला कडकडून चावली. "डोरलं न्या. ही माझी न्हाई, लेकराची माय हाय." अजून काळ्या दोऱ्यात घालून हिंडते. रोज टाकाला कुंकू लावते, स्वतःचं कपाळ मोकळं. टाक तिच्याकडंच राहावा. घर देतो ते एवढ्यासाठी.

तीन. बन्सीधर काकाला बापाचा कोयता द्यावा. काकू माहेरी गेली ती परत आलीच नाही, म्हणजे तोही अर्धाच. पण मुकादमाला कोण सांगणार?

चार. उरलेलं निम्मं घर मंजुषाला. किल्ली तिच्याच हातात द्यावी. सरजाबाईनं दारात उभं राहून विचारावं, "आत येऊ का?" मंजुषा नाही म्हणाली तर मी भांडायला येणार नाही. ये म्हणाली, तर दोघी मिळून एक कोयता होतो. मग काकाच्या ट्रॅक्टरात चढायचं का नाही, ते त्यांनी ठरवावं.

वरचं सगळं साक्षीदारांना वाचून दाखवलं आणि त्यांच्यासमोर सही केली.

सही : आदिनाथ बालाजी घुगे
साक्षीदार : सिद्धोधन खिल्लारे, पेडगाव (सही)
साक्षीदार : शिवशंकर मुंढे, जिंतूर (सही)
ठिकाण : टॉवरची छावणी, भुजजवळ
तारीख : २ फेब्रुवारी २०२५