शकूच्या पडण्याची फिल्म

मी, निसीम सामाजी रोहेकर, वय बत्तीस, राहणार रामवाडी, पेण, स्वखुशीने लिहून ठेवतो की रक्ताच्या कॅन्सरने दगा दिला असला तरी माझं डोकं ठिकाणावर आहे. आई ज्युडिथ आणि भाऊ इस्रायलला आहेत. "इकडं ये, औषध तरी होईल," म्हणून आई रोज फोनवर रडते. मी गेलो नाही, याचा बोल कोणाला लावू नये.

१. घर आईचं. विकावं की ठेवावं, तिची मर्जी.

२. कॅमेरा जनीला द्यावा. आमच्या टोळीत आता तीच सगळ्यांत छान स्केटबोर्ड चालवते. जने, मित्र पडला तर आधी त्याला उचल, मग फिल्म काढ.

३. लाकडी रॅम्प सगळ्या पोरांचा. विसर्जनानंतर महिपतीशेठचा गणपतीचा कारखाना रिकामा व्हायचा, तेव्हा तिथल्या गुळगुळीत फरशीवर आमचा हंगाम सुरू व्हायचा. नवी माती आली की शेठ रॅम्प बाहेर फेकायचे. दरवर्षी शिव्या दिल्या आणि दरवर्षी चावीही दिली. शिव्या माफ.

४. माझी स्केटबोर्डची फळी. रोह्याची शकू आमच्या टोळीत स्केटबोर्ड चालवायची आणि याच कारखान्यात मूर्तींचे डोळे आखायची. डोळे सगळ्यांत शेवटी, आणि घरचा गणपती त्याच्याही शेवटी, अशी तिथली रीत. तिने प्रत्येकाच्या फळीखाली डोळे काढले. माझी फळी पुढे केली तर म्हणाली, "तू घरचा हायस. तुझी शेवटी." त्याच आठवड्यात कोलाडला ट्रकने तिच्या स्कूटरला उडवलं. माझं तिच्यावर फार प्रेम होतं. त्या 'घरचा'वर मी तीन वर्षं काढली. फळी आंधळीच राहिली. ती माझ्यासोबत पुरावी. आपल्या बेने इस्रायली रिवाजात बसत नाही, ठाऊक आहे, तरीही पुरावी. तिच्यावर डोळे कोणीही काढू नयेत.

५. शकूची आई हौसामावशी. तिला त्रास नको म्हणून शकूचं स्केटबोर्डवरून पडणं कापून मी तिची एक फिल्म केली आणि रोह्याला नेऊन दाखवली. मावशीने शेवटपर्यंत पाहिली.

"माझी पोर कधी पडलीच नाय व्हय रे?"

"नाय, मावशी."

"मंग ती उठताना कशी दिसंल? मला तिला उठताना बघायचं हाय."

म्हणून दुसरी फिल्म केली आहे, नुसत्या पडण्याची. ती मावशीची. यंदा विसर्जनानंतर कारखान्याच्या भिंतीवर लावावी. मावशीला गाडी करून आणावं, जनीने तिच्याशेजारी बसावं. वर गाणं घालू नये. शेवटी शकू जोरात आपटते आणि बराच वेळ हलत नाही. तेव्हा मावशीचा हात धरावा. मग शकू उठते, गुडघे झटकते आणि माझ्याकडे बघून म्हणते, "परत घे रे."

फिल्म तिथेच थांबवावी.

मावशीलाच साक्षीदार करणार होतो. पण जिला द्यायचं तिची सही चालत नाही, असं वकील म्हणाले.

हे दोघांसमक्ष वाचून सही केली.
निसीम सामाजी रोहेकर

साक्षीदार:
१. महिपती, कारखानदार, पेण
२. बाबाजी, शेजारी, रामवाडी

पेण, १० जून २०२३