सीटखालचा नंबर

तीर्थरूप काकांना, इंजिन ऑइलने माखलेल्या हातांनी केलेला (आणि म्हणून जरा लांबूनच केलेला) पुतणीचा साष्टांग नमस्कार.

तुमच्या डोळ्यावरची पट्टी निघाली असेल असं धरून लिहिते आहे. निघाली नसेल तर काकूने वाचून दाखवावं, फक्त कंसातला मजकूर तिने मनातल्या मनात वाचावा. तिचे गुडघे कसे आहेत? मी सांगितलेला व्यायाम ती करत नाही, हे मला इथे बसून दिसतं. फोन सोडून पत्र कशाला, असं तुम्ही म्हणाल. तर काका, गेल्या आठवड्यात मी तुम्हाला फोन करून करून थकले, आणि दर वेळी माझ्या तोंडून 'बाबा' हा शब्द निघाला की तुमच्याकडची रेंज गेली. पत्राची रेंज जात नाही. फार तर तुम्ही ते फाडाल, पण तुमचा स्वभाव मला ठाऊक आहे, पूर्ण वाचल्याशिवाय फाडणार नाही.

तुमच्याकडून घेतलेल्या व्हॅनची खुशाली अशी की ती धावते छान, पण अजून माझी झालेली नाही. तुम्हाला माहीत आहेच की मी विमा कंपनीतली नोकरी सोडून कुत्र्यांना घरपोच आंघोळ घालण्याचा धंदा काढते आहे. (सासूबाईंच्या मते हा धंदा नसून भोग आहे. त्या म्हणतात, घरातल्या माणसांना पाणी तापवून देताना तुझे हात दुखतात, ते कुत्र्यांच्या बाबतीत कसे दुखत नाहीत? कुत्री टॉवेल ओला टाकून जात नाहीत, हे उत्तर मी अजून दिलेलं नाही.) मागे टब बसवला, पाण्याची टाकी बसवली, बाहेरून निळा रंग दिला. आता या महिनाअखेरीपर्यंत गाडी माझ्या नावावर झाली तरच धंद्याचा परवाना मिळणार, नाहीतर अर्ज बाद. अर्ज बाद झाला तर मला विमा कंपनीत परत जावं लागेल, आणि काका, निरोपसमारंभात मी साहेबांविषयी जे भाषण केलं ते परत जाणाऱ्या माणसाचं भाषण नव्हतं. त्यात त्यांच्या टोपाचा उल्लेख होता. तेव्हा या पत्रात पुढे कितीही हसू आलं तरी माझा जीव टांगणीला लागलाय, हे विसरू नका.

घोडं अडलं ते इंजिन नंबरावर. नोंदणीच्या कचेरीतले तपासनीस साहेब (नाकावर चष्मा, कपाळावर दुसरा चष्मा, आणि शोधत असतात तिसरा) म्हणाले, सांगाड्याचा नंबर जुळला, आता इंजिनाचा दाखवा. मी म्हटलं, कुठे असतो? ते म्हणाले, गाडी तुमची. मी तुम्हाला फोन केला. तुम्ही सांगितलंत, इंजिन नंबर इंजिनावर असतो. या माहितीबद्दल मी तुमची जन्मभर ऋणी राहीन. पुढचा प्रश्न, म्हणजे इंजिन कुठे असतं, तो मी अब्रूखातर विचारला नाही. एवढी वर्षं गाडी चालवून तुम्हालाही तो पडला नसावा, असं आता वाटतं.

मग मी आपली दिसेल तो आकडा टिपत सुटले. पहिला नंबर मोठ्या दिमाखात घेऊन गेले तो बॅटरीचा निघाला. दुसरा चांगला लोखंडात उठवलेला, ठसठशीत, बघूनच छाती फुगावी असा होता. साहेब म्हणाले, बाई, हा साच्याचा नंबर, या कंपनीच्या प्रत्येक इंजिनावर हाच असतो. तिसऱ्या खेपेला त्यांनी मला पाहिलं आणि शिपायाला खूण केली की ती आली. शेवटी आमच्या गल्लीतल्या पंक्चरवाल्याने सांगितलं की या गाडीचं इंजिन ड्रायव्हरच्या बुडाखाली असतं, सीट उचला. मी उचलली.

काका, तुमच्या सीटखालच्या संसाराबद्दल मी काकूसमोर काही बोलणार नाही. (काकू, तुझी हरवलेली छत्री सापडली. कामवालीची माफी माग.) छत्रीखाली एक चप्पल, तिच्याखाली वितळून गोठलेल्या गोळ्यांचा पुडा, आणि त्याखाली जे काही काळं, चिकट, जाडजूड पसरलं होतं ते इंजिन. गाडीला उगाच हात लावला की ती बिघडते, हे तुमचं तत्त्व मी लहानपणापासून ऐकत आले, पण तुम्ही ते इतकं मनापासून पाळलं असेल अशी कल्पना नव्हती. एक घमेलंभर चिखल खरवडून काढला तेव्हा कुठे नंबराची जागा दिसली, आणि तीही अशा अडचणीत की डोकं घातलं तर मान अडकावी. तेव्हा मी माझ्या नवऱ्याला हाक मारली.

जावईबापूंचा दातांचा दवाखाना असल्याचा आमच्या घराला आजवर इतका उपयोग कधी झाला नव्हता. दवाखान्याचा दिवा, दात बघायचा तो दांडीचा छोटा आरसा आणि (माझा) ब्रश घेऊन तो सीटच्या खड्ड्यात उतरला. पहिल्यांदा म्हणाला, किती दिवसांपासून दुर्लक्ष केलंय? मग म्हणाला, फार कीड आहे. मी पेन घेऊन बसले, त्याने एकेक आकडा सांगितला, मी लिहून घेतला, कागदाशी ताडून पाहिला आणि माझी पाचावर धारण बसली. एकही आकडा जुळेना! दोघं घाम पुसत बसलो तेव्हा माझ्या लक्षात आलं की आरशात सगळं उलटं दिसतं. हे मी त्याला सांगितल्यावर तो दुखावला. रोज आरशातच बघतो मी, म्हणाला, आजवर कधी चुकीचा दात काढला नाही. (एकदा काढला होता. तो पेशंट आता आमच्याकडे येत नाही, दुसऱ्या डॉक्टरकडे जाऊन आमच्याविषयी बोलतो.) मग मी स्वतः हात घालून कागद दाबून धरला, वरून पेन्सिल घासली, आणि नंबराचा स्वच्छ छाप उतरवला. बाकीचे सगळे आकडे जुळले. शेवटचे तीन जुळले नाहीत.

छाप बघून साहेबांनी दोन्ही चष्मे काढले. ते हळू आवाजात म्हणाले, ज्या गृहस्थांकडून गाडी घेतलीत ते कसे आहेत? आता काका, मी तुमची पुतणी. मी म्हटलं, अहो, सरळमार्गी आहेत, देवमाणूस. ते म्हणाले, इंजिन दुसऱ्याचं आहे. चोरीच्या गाडीचंही असू शकतं. त्या दिवशी घरी येईपर्यंत मी तुम्हाला मनातल्या मनात अटक केली, वकील दिला, काकूला डबा घेऊन तुरुंगाच्या फाटकाशी उभं केलं आणि गुडघ्यांमुळे तिला बसायला स्टूलही मागितलं. खोटं कशाला सांगू, तुमच्याहून जास्त रडू मला माझ्या परवान्याचं आलं.

शेवटी राग काढायला म्हणून मी ते इंजिन घासायला घेतलं. घासता घासता एका नटावर लाल ठिपका दिसला. शेजारच्या नटावर दुसरा. मग जिथे घासावं तिथे ठिपका. आता तुम्हीच सांगा, या जगात घट्ट केलेल्या प्रत्येक नटावर बायकोच्या नेलपॉलिशचा ठिपका लावणारा माणूस कोण आहे? ज्यांचं नाव काढलं की तुम्ही रेंज घालवता, तेच. आमच्या घरात नळाच्या चकतीवर ठिपका आहे, कुकरच्या दांड्यावर ठिपका आहे, माझ्या लग्नातल्या खुर्च्यांवरसुद्धा होते. आई म्हणते, माझ्या नखांपेक्षा यांच्या नटांना जास्त रंग लागला.

दुपारी बाबा वर्तमानपत्र तोंडावर घेऊन झोपले तेव्हा मी त्यांच्या व्हॅनची सीट उचलली. (तुमच्या गाडीची जुळी बहीणच ती. तिच्या धुरामुळे आमच्या गल्लीत कुणी गच्चीवर कपडे वाळत घालत नाही.) वरून लख्ख पुसलेलं इंजिन, ठिपके मात्र सगळे नंतरचे, फिकट गुलाबी, आईने लाल सोडून गुलाबी धरल्यानंतरचे. छाप घेतला. काका, शेवटचे तीन आकडे तुमच्या कागदावरचे निघाले.

पुढचं आईने सांगितलं. तुम्ही दोघांनी एकाच दिवशी घेतलेल्या दोन सारख्या गाड्या क्लच बदलायला एकाच मिस्त्रीकडे एकाच वेळी नेल्या होत्या, आणि माझी आधी कर, नाही माझी आधी कर, असं करून त्याचं डोकं इतकं उठवलंत की त्याने दोन्ही इंजिनं एकदमच खाली उतरवली. वर चढवताना कुणाचं कुणात गेलं, हे बघायला तुम्हाला भांडणातून सवड नव्हती. त्यानंतर तुमची गाडी लोण्यासारखी चालायला लागली आणि बाबांची धुरायला लागली. आणि मग, काका, भर बाजारात, चार दुकानदारांसमोर तुम्ही जे वाक्य बोललात ते आमच्या घरात अजून पाठ आहे: "दादा, गाडी चालवायला अक्कल लागते."

तर वडीलधारे म्हणून तुमचा मान राखून सांगते, तुम्ही आयत्या बिळावरचे नागोबा आहात. ज्या इंजिनाच्या जोरावर इतकी वर्षं तुम्ही माझ्या बापाची अक्कल काढलीत ते इंजिन माझ्या बापाचं. ज्या धुरावरून तुम्ही नाकाला रुमाल लावलात ते इंजिन तुमचं. तुम्ही कधी तेल बदललं नाहीत, आणि खोकला मात्र आमच्या गल्लीला झाला.

हे सगळं मी बाबांना मोठ्या नाट्यपूर्ण रीतीने सांगितलं. वाटलं, आता उडतील. ते म्हणाले, "माहीत आहे." कधीपासून, म्हटलं. "दुसऱ्याच दिवशी. सीट उचलली, तर माझे ठिपके कुठायत? सांगायला निघालो होतो त्याला. तेवढ्यात तो बाजारात ते बोलला." मग परत का नाही मागितलं, असं विचारल्यावर जरा वेळ कुकरचा दांडा तपासत बसले. म्हणाले, "औषधांची खोकी घेऊन लांबलांबच्या दवाखान्यांत जायचा तो. माझी गाडी बंद पडली तर दुकानाचे चार बल्ब उशिरा पोचतात. त्याची बंद पडून कसं चालेल?" आणि दांडा खाली ठेवून, "इंजिन नेलं त्याचं काही नाही गं. मागितलं असतं तरी दिलं असतं. अक्कल काढायला नको होती."

काका, मी तिथून उठून मागच्या टबात जाऊन बसले आणि रडले. या वेळी परवान्यासाठी नाही.

असो. काकूला नमस्कार, चिंटूमंटूंना (हे तुमचे पोपट, मुलं नव्हेत, हे पत्र तपासनिसांच्या हाती पडल्यास कळावं) गोड पापा. जास्त काय लिहू, तुम्ही समजूतदार आहात, असं आपण आत्तापुरतं धरून चालू.

तुमची, तुमच्याच सीटवर बसून लिहिणारी,
पुतणी

ता. क. साहेब म्हणतात, इंजिनं परत बदलायची गरज नाही. दोन्ही मूळ मालकांनी समक्ष येऊन सही करायची की इंजिनांची अदलाबदल 'परस्पर संमतीने' झाली. तुम्ही दोघांनी आजवर पंख्याच्या वेगावरही परस्पर संमती दिलेली नाही, हे मी त्यांना सांगितलं नाही. गुरुवारी सकाळी यावं लागेल. माझ्या गाडीत पुढे दोनच जागा आहेत, तेव्हा एकाला टबात बसावं लागेल. कोण, ते तुम्ही ठरवा. परस्पर संमतीने.

ता. क. २. बाबा म्हणतात, सही करीन, बोलणार नाही, आधी त्याने यावं. तुम्हीही हेच म्हणाल. म्हणून हे पत्र मी टपालाने पाठवलेलं नाही. पाकिटात काकूच्या गुडघ्यांच्या औषधाची चिठ्ठी आहे, तातडीची आहे, असं सांगून एका माणसाच्या हाती दिलं आहे. औषधाचं नाव निघालं की त्यांना थांबवत नाही, हे आता तुम्हालाही कळलंय.

ता. क. ३. ते फाटकाबाहेर गाडी सुरू ठेवून बसले असतील, कारण बंद केली की ती परत सुरू होत नाही. त्यांना आत बोलवा. काकूला दोन कप चहा टाकायला सांगा. आणि अंगणात धूर झाला म्हणून कुरकुर करू नका, तो धूर तुमचाच आहे.