अम्माच्या खाटेचा आवाज

प्रिय सुमंतअण्णा,

अम्माच्या माघारी तू पाठवलेलं घराचं हक्कसोडपत्र मिळालं. फोनवर तू म्हणालास, "स्मृती, बहिणी सही करतातच. रीतच आहे आपल्यात."

कोप्पीकर रोडवर नवं यंत्र मिळतं. ज्या वस्तूवर ठेवावं, तिच्यावरून गेलेला काळ ते ऐकवतं. मी ते अम्माच्या खाटेवर ठेवलं. तिच्या आजारपणाची नऊ वर्षं वाजली: तिचा खोकला, औषधाचा चमचा, तिची कूस बदलताना माझ्या बांगड्या. तुझा आवाज एकदाच आला: "ट्रेन आहे, निघतो."

हे मी तुझ्याच कागदामागे लिहितेय; तुला याचा फक्त फोटो पाठवतेय, कागद इथेच राहील. ये आणि त्यावर यंत्र ठेव. माझं पेन खूप वेळ ऐकू येईल, पण सही ऐकू येणार नाही. खाली नावसुद्धा घालत नाही.

तुझी धाकटी बहीण