यशोधनच्या नावाचा डबा

ॲथलोन,
२८ जुलै २०२४

तीर्थरूप बाबांस,
उर्मिलाचा शिरसाष्टांग नमस्कार. वि. वि. फोनवर आपण दोघंही नुसतं हूं हूं करत बसतो, म्हणून कागदावर लिहून त्याचा फोटो पाठवतेय. अक्षराला नावं ठेवू नका.

काल यशोधनच्या अस्थी शॅनन नदीत सोडल्या. तुम्हाला प्रवास झेपणार नाही, तिथेच कर, असं तुम्हीच म्हणालात. ओहायोच्या खोऱ्यात त्याच्याबरोबर उत्खननावर असलेली केतकी कॉन्फरन्सला जाताना डब्लिनला उतरली आणि त्याच्या सामानाचं खोकं वेदांतच्या हाती दिलं. ती काहीतरी समजावून सांगत होती म्हणे, पण माझ्या या नवऱ्याच्या डोक्यात काही राहिलं नाही. मी तर गाडीतून उतरलेच नाही.

खोक्यात वह्या, बूट, थापी आणि नंबराचं स्टिकर लावलेला एक तपकिरी डबा होता. तो उत्खननातला नमुना असणार म्हणून प्रेसमध्ये, म्हणजे आपल्या कपाटात, ठेवून दिला. अस्थी श्रीखंडाच्या जुन्या डब्यात होत्या. वर त्याच्याच अक्षरात ‘यशोधन, १४ जून’. तुमचा मुलगा शेवटपर्यंत तुमच्याच वळणावर गेला.

किल्ल्याजवळच्या धक्क्यावर गेलो. वेदांतने फोनवर मंत्र लावले. स्वानंदीने इंग्लिशमध्ये विचारलं की मामाला थंडी वाजेल का. राख पाण्यावर पसरली, काळे तुकडे कितीतरी वेळ तरंगत पुलाखालून गेले. मी तिथले राजहंस मोजले. अकरा होते. घरी येऊन डिशवॉशर लावला. शेजारची मॉरीन ॲपल टार्ट घेऊन आली, सॉरी फॉर युअर ट्रबल म्हणाली आणि मी ग्रँड, म्हणजे इथलं ‘छान चाललंय’, म्हणून मोकळी झाले. सख्खा भाऊ गेला आणि मला काही वाटत नाही, बाबा. मला माझीच भीती वाटते.

केतकीचा मेसेज आलाय. दोन हजार वर्षांपूर्वीच्या एका चुलीतली राख यशोधनकडे नमुना म्हणून होती, ती परत हवी आहे. चाचणीपुरती घेऊन उरलेली त्याच मातीत परत ठेवू, असा शब्द त्याने तिथल्या मूळ लोकांना दिला होता. १६ ऑगस्टला खड्डा बुजवणार. तपकिरी डबा उद्याच कुरियर करते.

औषधं वेळेवर घ्या. माया आहे तशीच राहू द्या.
तुमची,
उर्मिला

पुणे,
२८ जुलै

चि. उर्मिलेस,
अनेक आशीर्वाद. डबा कुरियर करू नकोस. आधी हे वाच, शक्यतो बसून वाच.

चाळीस वर्षं मी उत्खननाच्या खड्ड्यांची चित्रं काढली, त्यामुळे एवढं कळतं. चुलीची माती आम्ही मुद्दाम पाण्यात टाकतो. कोळसा आणि जळकं बी वर येतं, बाकीचं खाली बसतं. हल्लीच्या दाहिनीत कोळसा उरत नाही, हाडांची पूड उरते. ती तरंगत नाही.

यशोधन गेला २ जुलैला, त्या गाडीच्या अपघातात. १४ जूनला त्याने मला मोठ्या उत्साहाने कळवलं होतं की चुलीत आपल्या चाकवताच्या चुलत बहिणीचं बी सापडलं, ते लोक ती भाजी पेरत असत. नमुना काढणाऱ्याने डब्यावर आपलं नाव आणि तारीख घालायची, ही सवय त्याला मी लावली. श्रीखंडाच्या डब्यात नमुने ठेवणंही माझंच. माणूस स्वतःच्या अस्थींच्या डब्यावर नाव घालत नाही, बाळ.

तपकिरी डबा उघडून बघ. तुला बोल लावत नाही. त्याची बातमी आली तेव्हा मी फोन ठेवला आणि घड्याळाला किल्ली दिली. मग बराच वेळ तिथेच उभा होतो.

जपून राहा. तुझ्यावरचा जीव तुला ठाऊक आहेच.
तुझे बाबा

ॲथलोन,
२९ जुलै

तीर्थरूप बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार. उघडला. आत पिशवीत पांढरट, वाळूसारखं भरड काहीतरी आहे आणि स्टिकरवरचाच नंबर कोरलेली, दाहिनीत देहाबरोबर ठेवतात ती धातूची चकती. झाकण लावलं. ऑफिसची मीटिंग होती, ती केली.

म्हणजे मी यशोधनला आज परत पाठवून देणार होते. आणि कुणा परक्या लोकांची चूल, जी जपून परत ठेवायचा त्याने शब्द दिला होता, ती मंत्र म्हणून नदीत सोडली. वेदांत म्हणतो, मागच्या अंगणातल्या बार्बेक्यूची राख भरून पाठवू, कोण बघतंय. खरं सांगते, मी डबा धुवायला घेतला होता. मग त्यावरचं त्याचं अक्षर दिसलं आणि नळ बंद केला.

काय करू ते लगेच लिहा.
उर्मिला

पुणे,
२९ जुलै

चि. उर्मिलेस,
अनेक आशीर्वाद. बार्बेक्यूची राख नको. त्याच्या नावाच्या डब्यात खोटी राख गेलेली मला चालणार नाही. जे झालं ते तारखेसकट केतकीला लिही. नोंदवहीत चूक खोडत नाहीत, शेजारी खरं लिहितात. डबा आहे तसा रिकामा पाठव, पुसू नकोस. लोक रागावले तर तेही ऐकून घे. वेदांतरावांना सांग, म्हातारा चिडलाय.

लोभ आहे, रागातही आहे.
तुझे बाबा

ॲथलोन,
१८ ऑगस्ट

तीर्थरूप बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार. वि. वि. केतकीचा फोन आला होता. माझं पत्र तिने खड्ड्यापाशी सगळ्यांसमोर वाचलं. एक बाई उठून निघून गेली. एका आजोबांनी विचारलं की ती नदी समुद्राला मिळते का. केतकी हो म्हणाली. डब्याच्या झाकणाच्या खाचेत चिमूटभर राख अडकली होती, ती त्यांनी ब्रशने काढून चुलीच्या जागी ठेवली आणि माती लोटली. यशोधनच्या वहीत शेवटची नोंद केतकीने केली आहे. उरलेली राख चुकून आयर्लंडमध्ये, शॅनन नदीत, २७ जुलै.

आज तपकिरी डबा घेऊन त्याच धक्क्यावर गेलो. मंत्र लावू दिले नाहीत. स्वानंदीने या वेळी मामा म्हणून मराठीत हाक मारली, तुम्ही तिला शिकवलंत तसंच, शेवटचा आ लांबवून. मी दोन्ही हातांनी पिशवी उलटी केली.

काहीच तरंगलं नाही, बाबा. पाणी जरा पांढरं झालं आणि तो लगेच खाली गेला. एक तुकडाही वर आला नाही. राजहंस होते, पण मला मोजता आले नाहीत. मी धक्क्यावर बसून इतक्या मोठ्याने रडले की पुलावरचे लोक थांबले.

आता फोन केलात तर बोलेन.
तुमची,
उर्मिला